समुद्रतळाचे पंचांग

कल्पित जगाच्या कथा लिहिणारे लेखक नकाशा काढतात, राजघराण्यांच्या वंशावळी रचतात, कधी कधी भाषाही घडवतात. पण कालगणनेपाशी आले की बहुतेकांचे हात आखडतात. समुद्राखालचे राज्य असले तरी तिथे महिने बारा, दिवस तीस आणि वार सात. फक्त नावांना शैवालाचा किंवा मोत्याचा मुलामा. अशा दिनदर्शिकेला समुद्रातली म्हणता येणार नाही, ती जमिनीवरचीच. कोणतीही कालगणना दोन गोष्टींतून जन्मते: त्या लोकांना काय दिसते, आणि कोणती वेळ चुकली तर त्यांची उपासमार होते. फ्रान्सच्या क्रांतिकारकांनी १७९३ मध्ये दहा दिवसांचा आठवडा आणि तीस दिवसांचे बारा महिने तर्काने आखले. महिन्यांना धुके, बर्फ, उष्मा अशी तिथल्या हवामानाची नावेही दिली. तरी विश्रांतीचा दिवस सातव्यावरून दहाव्यावर गेला, तो लोकांच्या अंगवळणी पडला नाही, आणि १८०५ संपताना ती पद्धत मोडीत निघाली. टोल्किनने आपल्या हॉबिट लोकांसाठी तीस दिवसांचे बारा महिने घेतले, पण उरलेले दिवस महिन्यांच्या बाहेर, ऐन हिवाळ्यात आणि ऐन उन्हाळ्यात ठेवले. शेती करणाऱ्या आणि सण मनापासून साजरे करणाऱ्या लोकांना ते शोभते. मग पाण्याखालच्या लोकांना काय शोभेल?

त्यांना सूर्य जवळजवळ निरुपयोगी आहे. सुमारे दोनशे मीटरखाली वनस्पती जगण्यापुरताही उजेड पोहोचत नाही आणि हजार मीटरखाली सूर्यप्रकाश संपतोच. क्षितिज नाही, नक्षत्रे नाहीत, सावलीची लांबी मोजायला काठी रोवण्यात अर्थ नाही. उत्तरायण कधी सुरू झाले हे त्यांना कळणार कसे? चंद्र मात्र न दिसताही कळतो, कारण तो पाणीच हलवतो. दोन भरत्यांमध्ये साधारण १२ तास २५ मिनिटे जातात. अमावास्या-पौर्णिमेच्या सुमारास उधाण येते, अष्टमीच्या सुमारास भांगाची भरती असते. म्हणून या लोकांचे मूळ एकक आपला चोवीस तासांचा दिवस असणार नाही, भरती असेल. आता हिशोब करून पाहा. एका पौर्णिमेपासून दुसऱ्या पौर्णिमेपर्यंत सरासरी २९.५३ दिवस, म्हणजे जवळजवळ ७०९ तास. त्यांत भरत्या बसतात ५७, आणि वर उरतो एका भरतीचा सोळावा हिस्सा. जमिनीवरच्या माणसाला चांद्रमासातला अर्धा दिवस सदैव छळत आला. म्हणून कधी एकोणतीस, कधी तीस अशी कसरत करावी लागली. पाण्याखाली महिना सत्तावन्न भरत्यांचा, जवळपास नेमका. एक पंधरवडा अठ्ठावीस भरत्यांचा, दुसरा एकोणतीस भरत्यांचा, आणि दर सोळा महिन्यांनी एक अधिक भरती घातली की मेळ बसला. आपण अधिक मास पाळतो, ते अधिक भरती पाळतील. सात वारांच्या आठवड्याला इथे जागाच उरत नाही. उधाण ते भांग आणि भांग ते उधाण हेच त्यांचे आठवडे.

यावर पहिला आक्षेप असा की भरती सगळीकडे सारखी नसते. हे खरेच आहे. मेक्सिकोच्या आखातात बऱ्याच ठिकाणी दिवसाला एकच भरती येते, आणि किनाऱ्यापासून दूर भर समुद्रात पाण्याची पातळी फारच थोडी बदलते. पण पंचांगही स्थळानुसार बदलते, सूर्योदयाची वेळ गावागणिक वेगळी असते, म्हणून कोणी पंचांग टाकून दिले नाही. प्रत्येक प्रांताची आपली भरती-गणना असेल आणि दोन प्रांतांतल्या व्यापाऱ्यांना ती जुळवावी लागेल. कथेसाठी तर हे धनच आहे. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे: गडद अंधाऱ्या तळावर भरतीची जाणीव तरी होते का? याचे उत्तर शिंपल्यांनी दिले आहे. अटलांटिकच्या मध्यावर सुमारे १७०० मीटर खोलीत उष्ण पाण्याचे झरे आहेत. तिथल्या शिंपल्यांच्या झडपांची उघडझाप भरती-ओहोटीच्या तालावर चालते असे आढळले आहे. मेंदू नसलेल्या जीवाला जे समजते ते विचार करणाऱ्या प्रजेला समजणार नाही असे मानण्याचे कारण नाही.

वर्षाचा प्रश्न खरा अवघड. बारा चांद्रमासांचे दिवस होतात ३५४, ऋतुचक्र ३६५ दिवसांचे. ऋतू पाण्याखालीही सुटत नाहीत: समशीतोष्ण समुद्रात वसंतात वर प्लवकांना बहर येतो आणि काही आठवड्यांनी त्यांचा चुरा हजारो मीटर खाली तळावर उतरतो, तेव्हा तिथे सुगी असते. ही अकरा दिवसांची तूट गणिताने भरून काढायची की निसर्गाला विचारायची? प्रशांत महासागरातल्या लोकांनी निसर्गाला विचारले. सामोआ आणि फिजीच्या प्रवाळांत राहणारा पलोलो नावाचा किडा ऑक्टोबर किंवा नोव्हेंबरमध्ये, कृष्ण पक्षातल्या अष्टमीच्या आसपास प्रजननासाठी पृष्ठभागावर येतो. फिजीच्या जुन्या कालगणनेत त्याच्या नावाचे दोन महिने आहेत, धाकटा बलोलो आणि थोरला बलोलो. किडा या महिन्यात भरपूर आला नाही तर पुढच्या महिन्यात येईल. म्हणजे अधिक मास कधी धरायचा ते तोच सांगतो. ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट बॅरिअर रीफवर प्रवाळांच्या अनेक जाती पौर्णिमेनंतरच्या मोजक्या रात्रींत एकदम बीजे सोडतात. पाण्याखालच्या राज्याचा वर्षारंभ ठरवायला याहून चांगला मुहूर्त मला सुचत नाही. पुरोहिताने आकडेमोड करायची गरज नाही. प्रवाळ फुटले की वर्ष लागले.

तिथला इतिहासकारही प्रवाळच वाचेल. जॉन वेल्स या अमेरिकी शास्त्रज्ञाने १९६३ मध्ये जवळपास चाळीस कोटी वर्षांपूर्वीच्या, डेव्होनियन काळातल्या प्रवाळांवरची रोजच्या वाढीची वलये मोजली, तेव्हा वर्षाला सुमारे ४०० भरली. वर्ष तेवढेच होते, दिवस लहान होता, सुमारे बावीस तासांचा. भरती-ओहोटीच्या घर्षणाने पृथ्वीची गती मंदावत आली आहे. दिवस लांबत चालला आहे हे सत्य पाण्याखालच्या प्रजेच्या पुराणकथांत सहज येऊ शकेल.

मराठी लेखकाला तर यासाठी दूर जावे लागत नाही. कोकण किनाऱ्यावर तिथीला पाऊणने गुणून भरतीची वेळ काढण्याचा हिशोब आहे: चतुर्थीला तीनच्या सुमारास, अष्टमीला सहाच्या. नारळी पौर्णिमेला दर्याची पूजा होते, ती तिथीवर ठरते, तारखेवर ठरत नाही. उधाण आणि भांग हे शब्द आपल्याकडे तयार आहेत. समुद्रतळावरच्या राज्याची कथा लिहायला बसणाऱ्याने भिंतीवरचे कॅलेंडर बाजूला ठेवावे, भरती-ओहोटीचे कोष्टक समोर घ्यावे आणि पहिला महिना सत्तावन्न भरत्यांचा करून पाहावा.