झाकली मूठ, अनोळखी दुकान

रविवारची दुपार. जेवणं झालेली, सासूबाई आतल्या खोलीत जरा आडव्या झालेल्या आणि आमचे हे जेवणाच्या टेबलावर क्रेडिट कार्डाचं स्टेटमेंट पसरून बसलेले. महिन्यातला हा एक रविवार त्यांचा ठरलेला. एकेका ओळीवर पेन्सिलीने खूण करायची आणि मधूनच ‘एवढं पेट्रोल?’ असं स्वतःशी पुटपुटायचं. तासभर हा कार्यक्रम चालतो. त्या दिवशी मात्र पेन्सिल मधेच थांबली.

‘‘अगं, हे गुरुग्रामचं दुकान कुणाचं?’’

मी ओटा आवरत होते. गुरुग्रामला आमच्या घरातलं कुणी कधी गेलेलं नाही. रक्कम १,३४९ रुपये. दुकानाचं नाव असं, की तिथे कापड मिळतं की खत, याचा पत्ता लागू नये. त्यातून शेवटचा शब्द अर्ध्यावर तुटलेला.

मग घरोघरी होतं तेच आमच्याकडेही झालं. बँकेला फोन करण्याआधी आमची नजर कॉलेजात जाणाऱ्या लेकीकडे वळली. कार्ड कुठे असतं ते तिला ठाऊक. महिन्यापूर्वी तिने हेडफोन मागितले होते आणि आम्ही नाही म्हटलं होतं. आईबापांना एवढा पुरावा पुरतो! ‘मी नाही घेतलं काही,’ असं ती तीनदा म्हणाली. चौथ्यांदा काही न बोलता खोलीत गेली आणि दार लावून घेतलं. चहालाही बाहेर आली नाही.

उलगडा केला तो सासूबाईंनी. उठल्यावर सगळा प्रकार ऐकून त्या म्हणाल्या, ‘‘अगं, माझा गुडघ्याचा पट्टा त्याच सुमाराला आला होता ना?’’ माळ्यावरचं खोकं काढलं. खोक्यावर पट्ट्याच्या कंपनीचं नाव मोठ्या अक्षरांत होतं; पण आतल्या बिलावर विक्रेता म्हणून तेच गुरुग्रामचं नाव. रक्कम जुळली. मागवला होता मीच!

यात कुणी फसवलेलं नव्हतं. दुकानाच्या पाटीवरचं नाव एक आणि कागदोपत्री नोंदलेलं नाव दुसरं, असं पुष्कळ ठिकाणी असतं. स्टेटमेंटवर बहुधा नोंदलेलं नाव येतं, नाहीतर पैसे गोळा करणाऱ्या मध्यस्थ कंपनीचं. नावासाठी जागा मोजकीच, म्हणून लांब नाव तुटतं. गाव येतं ते कचेरीचं. खरेदीची तारीख आणि हिशेबात चढल्याची तारीख यांत एकदोन दिवसांचा फरक पडतो. कधी महिनाभर फुकट म्हणून घेतलेली एखादी सेवा मुदत संपताच पैसे कापू लागते आणि तिचा आपल्याला विसर पडलेला असतो. तेव्हा ओळख पटत नाही अशी प्रत्येक ओळ चोराची नसते. आधी रक्कम बघावी, त्या आठवड्यातले फोनवरचे संदेश आणि बिलं चाळावीत आणि घरात विचारावं. मात्र ‘हे कुणी केलं?’ असं नव्हे, ‘हे कुणाला आठवतंय का?’ असं. या दोन प्रश्नांतलं अंतर त्या दिवशी बंद दाराबाहेर उभी राहून मला कळलं. लेकीची माफी मागितली. तिने दिली, पण लगेच नाही.

आमच्याकडे खोट्या शंकेने एवढा गोंधळ झाला. शेजारच्या अण्णांकडे याच्या अगदी उलट घडलं होतं. संकट खरं होतं, पण घरात चकार शब्द नव्हता.

ही २०२३ सालची गोष्ट. अण्णा निवृत्त शिक्षक, हिशेबाला चोख. मुलाकडे अमेरिकेला जाताना त्यांनी डेबिट कार्डावर परदेशातल्या व्यवहारांची सोय चालू करून घेतली होती. परत आल्यावर ती बंद करायची राहून गेली. एके सकाळी फोनवर संदेश आला, परदेशातल्या कुठल्याशा दुकानात एक डॉलर खर्च झाल्याचा. ‘असेल काहीतरी,’ म्हणून अण्णांनी सोडून दिलं. चोर पुष्कळदा असंच करतो. कार्ड चालतं की नाही हे आधी चिल्लर रकमेने अजमावतो. पुढच्या आठवड्यात तीन व्यवहारांत एकतीस हजार रुपये गेले. ओटीपी कुणी विचारलाच नव्हता. परदेशातल्या काही दुकानांना तो लागत नसे.

अण्णांनी हे संदेशही वाचले आणि फोन उलटा करून ठेवला. कुणाला सांगितलं नाही. तीन आठवड्यांनी नाशिकची लेक आली, तिने पासबुक भरून आणलं, तेव्हा बिंग फुटलं. ती रागावली नाही. ‘‘अण्णा, बोलला का नाहीत?’’ एवढंच म्हणाली. अण्णा म्हणाले, ‘‘तुम्ही म्हणाल, म्हातारा फसला. कार्ड काढून घ्याल. मग दर महिन्याला पैशासाठी तुमच्यापुढे हात पसरायचा का?’’

या प्रश्नाला उत्तर देणं सोपं नाही. पण ती लाज अण्णांना भलतीच महागात पडली. रिझर्व्ह बँकेने ६ जुलै २०१७ रोजी एक परिपत्रक काढून अशा नुकसानीची वाटणी ठरवून दिली होती. चूक बँकेची असेल तर भार बँकेवर, मग ग्राहकाने कळवलेलं असो वा नसो. चूक बँकेचीही नाही आणि ग्राहकाचीही नाही, अशा वेळी बँकेचा संदेश आल्यापासून कामकाजाच्या तीन दिवसांत कळवलं, तर ग्राहकाला तोशीस नाही. संदेश आल्याचा दिवस त्यात धरायचा नाही. चार ते सात दिवस लागले, तर ग्राहकावर मर्यादित भार. साध्या बचत खात्याला त्याची कमाल १०,००० रुपये. त्याहून उशीर झाला, तर ज्या त्या बँकेचं धोरण. अण्णा या तिसऱ्या रांगेत जाऊन बसले होते. काही महिन्यांनी थोडी रक्कम परत आली, बाकीची गेली ती गेलीच.

त्याच परिपत्रकात आणखी दोन गोष्टी होत्या. ओटीपी किंवा पिन आपणच कुणाला सांगून बसलो, तर बँकेला कळवेपर्यंतचं नुकसान आपलं. पण कळवल्यानंतरचं बँकेचं. म्हणजे चूक आपली असली तरी बोलण्यात फायदाच आहे. आणि ग्राहकाचा दोष आहे हे सिद्ध करायचं काम बँकेचं. (नियमांत बदल होत असतात, म्हणून आजचे आकडे आपल्या बँकेत विचारून घ्यावेत.)

व्यवहार आपला नाही अशी खात्री झाली, की त्याच दिवशी आधी कार्ड बंद करावं. मग कार्डाच्या मागे छापलेल्या नंबरवरच फोन करावा. इंटरनेटवर शोधून सापडलेला नंबर दुसऱ्या भामट्याचाही असू शकतो. तक्रारीचा क्रमांक मागून कॅलेंडरवर लिहून ठेवावा. पैसे लुबाडले गेले असतील, तर १९३० या सायबर गुन्ह्यांच्या मदत क्रमांकावरही लगेच कळवावं. बँकेने तीस दिवसांत दाद दिली नाही किंवा दिलेल्या उत्तराने समाधान झालं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं. त्याला फी पडत नाही. आणि परदेशातून परत आल्यावर, बॅग रिकामी करण्याआधी, कार्डावरची ती सोय बंद करावी!

‘झाकली मूठ सव्वा लाखाची’ असं आपण लहानपणापासून ऐकत आलो. घराची अब्रू, मुलांचे मार्क, नवऱ्याचा पगार, सगळं मुठीत. पण अनोळखी दुकानाने आपल्या नावावर पैसे उचलले असतील, तर मूठ झाकून ठेवल्याने वाळूसारखे पैसेच सुटत जातात. आणि मूठ उघडायला लावणाऱ्यांनीही एक पथ्य पाळायला हवं. समोरच्याला आरोपी करायचं नाही. मुलगी असो की म्हातारा बाप, ‘मला एक ओळ कळत नाहीये’ हे निर्धास्तपणे म्हणता आलं, तर तीन दिवस भरपूर होतात.

अण्णांचं कार्ड लेकीने काढून घेतलं नाही. आता महिन्यातल्या त्या रविवारी तेही आपलं पासबुक घेऊन आमच्या टेबलाशी येतात. ओळी आमची मुलगी वाचते, खुणा हे करतात आणि अण्णा दोघांच्या बेरजा तपासतात. मागच्या खेपेला त्यांनी यांची सात रुपयांची चूक काढली. चहा त्यांनी दोनदा मागून घेतला.