वऱ्हाडाचे टपाल आणि निजामाचे तिकीट

एखाद्या मुलखाने स्वतःचे टपाल-तिकीट काढण्यापूर्वी तेथील पत्रांवर दुसऱ्या राज्याची जी तिकिटे डकविली जात, ती ओळखण्याची खूण चित्रात नसते. ती असते त्यावर उमटलेल्या डाकघराच्या शिक्क्यात. सिंगापुरास १८६७ पर्यंत हिंदुस्थानचीच तिकिटे चालत, आणि व्हिक्टोरिया राणीच्या मुखवट्यावर ‘बी १७२’ हा शिक्का दिसला, की पत्र सिंगापुराहून निघाले असे जाणकार समजतात. त्या वर्षी तेथे निघालेली पहिली तिकिटेही हिंदुस्थानच्याच तिकिटांवर मुकुट व सेंटांतील किंमत छापून सिद्ध केलेली होती. एडनला तर १९३७ पर्यंत थांबावे लागले.

आमच्या वऱ्हाडातील वाशीमची कथा याहून विलक्षण. १८५३च्या तहान्वये निजामाने हैदराबाद कंटिंजंट फौजेच्या खर्चापोटी वऱ्हाड कंपनी सरकारच्या स्वाधीन केला. मालकी निजामाची राहिली, अंमल मात्र इंग्रजांचा झाला. पुढच्याच वर्षी, १ ऑक्टोबर १८५४ रोजी, सर्व हिंदुस्थानासाठी तिकिटे निघाली, आणि अर्ध्या आण्याचे निळे व एक आण्याचे तांबडे तिकीट वऱ्हाडाचेही झाले. १८६९ मध्ये निजाम सरकारने आपले एक आण्याचे हिरवट तिकीट काढले, तेव्हा पैनगंगेपलीकडच्या हिंगोलीकडे ते चालू लागले. अलीकडे वाशीमास, जेथील भूमीचा धनी कागदोपत्री तोच निजाम होता, तेथे त्याचे तिकीट निरुपयोगी होते. संस्थानी तिकीट संस्थानापुरतेच. सरहद्द ओलांडणाऱ्या पत्रास इंग्रजी टपालाचेच तिकीट लागे. तहाच्या कलमांत जपून ठेवलेली मालकी अर्ध्या आण्याच्या कागदापुरतीही उरली नव्हती, असे माझे स्पष्ट मत आहे.

१९०२ मध्ये वऱ्हाडाचा कायमचा पट्टा झाला, आणि १९३६ मध्ये निजामाच्या युवराजास ‘प्रिन्स ऑफ बेरार’ हा किताब मिळाला. किताब मिळाला, पण वऱ्हाडाचे स्वतःचे तिकीट कधीच निघाले नाही.

म्हणूनच ज्यांच्या वाड्यात पणजोबांच्या पत्रांचे गाठोडे असेल, त्यांना विनंती अशी, की तिकीट पाण्यात भिजवून सोडवू नये, लखोटा जसाच्या तसा ठेवावा, आणि शिक्क्यात ‘बासीम’ हे नाव शोधावे. इंग्रजी दफ्तरात वाशीमचे नाव तेच होते.