पुढे पाठविण्याआधी दोघांनी विचार करा



रात्री जेवणं उरकली की मोबाईल हातात येतो. "मुलं पळवणारी टोळी फिरतेय, जपून रहा!" असा निरोप दिसतो. आईबापाचं काळीज धस्स होतं आणि निरोप लगेच पुढे जातो. हेतू चांगलाच असतो. पण परिणाम?

१ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे अशाच अफवेपायी जमावाने पाच जणांना ठार मारले. ते नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे, भिक्षेवर पोट भरणारे लोक होते. मुले पळविणारे नव्हते.

त्या वर्षी देशभर एक चित्रफीत फिरत होती. मोटारसायकलवरचे दोघे मूल उचलून नेतात, एवढेच त्यात दिसे. खरे म्हणजे ती पाकिस्तानातील कराचीची, 'मुलांना जपा' हे सांगण्यासाठी मुद्दाम तयार केलेली होती. शेवटी ते दोघे मूल परत आणून सोडतात. नेमका तो शेवटच कुणीतरी कापला होता!

म्हणून एवढे करा :

● निरोप मुळात कोणाचा, कुठला, कधीचा? कळत नसेल तर पुढे पाठवू नका.

● अनोळखी माणसाचा संशय आला तर हात उगारू नका. ११२ क्रमांकावर पोलिसांना कळवा.

● 'लसीने मूल होत नाही', 'नसबंदीने पुरुषाची ताकद जाते' ह्यादेखील अफवाच. शंका असेल तर आशाताईंना किंवा आरोग्य केंद्रात विचारा. विचारण्यात लाज कसली?

आधी खात्री, मगच निरोप!