मुलांच्या ताब्याचे वाद आणि हेबियस कॉर्पस

पोलिसांनी बेकायदा डांबून ठेवलेल्या व्यक्तीस न्यायालयापुढे हजर करण्याचा आदेश म्हणजे हेबियस कॉर्पस, अशी सर्वसाधारण समजूत आहे. राज्यघटनेच्या मराठी अनुवादात यास ‘देहोपस्थिती’ म्हटले आहे. मात्र अनुच्छेद २२६ अन्वये उच्च न्यायालयांत येणाऱ्या अशा अनेक याचिकांमध्ये पोलीस कोठडीचा संबंधच नसतो. तेथे ‘डांबलेली’ व्यक्ती म्हणजे दोन-तीन वर्षांचे मूल असते आणि प्रतिवादी असतात आई, वडील, मावशी किंवा आजी-आजोबा.

मुलाच्या ताब्याचा नेहमीचा मार्ग १८९०च्या पालक व पाल्य अधिनियमाचा. त्यात साक्षीपुरावे होतात आणि निकालास बराच काळ लागू शकतो. तेवढ्यात लहान मूल जन्मदात्याचा चेहराही विसरते. देहोपस्थितीच्या याचिकेत सहसा प्रतिज्ञापत्रांवर निर्णय होतो. दुसरा मार्ग खुला आहे, एवढ्याच कारणावरून आईला माघारी पाठवता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने मुंबईच्या एका प्रकरणात १९५९ मध्येच स्पष्ट केले होते.

न्यायालय प्रथम पाहते ते हे की, मूल ज्याच्याकडे आहे त्यास कायद्याने तसा अधिकार आहे काय. पण मूल म्हणजे जप्त केलेला माल नव्हे. म्हणून त्याच्या हिताचा प्रश्न त्याहून वरचा ठरतो. खरी अडचण येथेच आहे. कारण हित काही तासांच्या सुनावणीत मोजता येत नाही.

सर्वोच्च न्यायालयाचे दोन निकाल शेजारी ठेवले की हे कळते. दोन्हींत आईचे निधन झालेले, मूल आईच्या माहेरच्या नातेवाइकांकडे आणि याचिका वडिलांची. २०१९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाचा आदेश कायम राहिला. वडील नैसर्गिक पालक, तर मावशीस कायदेशीर अधिकार नाही, म्हणून मूल वडिलांकडे गेले; मावशीला भेटीची मुभा मिळाली. २०२४ मध्ये मध्य प्रदेशातील प्रकरणात मात्र उच्च न्यायालयाचा वडिलांच्या बाजूचा आदेश रद्द झाला. ती मुलगी एक वर्षाचीही नसल्यापासून मावशीकडे वाढत होती. अशा मुलीचा ताबा बदलल्यास तिच्यावर काय परिणाम होईल, याचा विचारच झाला नाही. मुलास जंगम मालमत्तेसारखे एका हातातून दुसऱ्या हातात देता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले.

या निकालांमध्ये विसंगती वाटेल, पण ती वरवरची आहे. उच्च न्यायालयास अधिकार आहे, याविषयी दोन्हींत दुमत नाही. तो कधी वापरावा, हे प्रत्येक मुलाच्या परिस्थितीवर सोडलेले आहे. पाच वर्षांखालील हिंदू मुलाचा ताबा सामान्यतः आईकडे असावा, असे १९५६चा कायदा सांगतो. त्यामुळे तान्ह्या बाळाला आईपासून हिरावून नेल्याचे प्रकरण तुलनेने सरळ असते. ज्या प्रकरणात चारित्र्य, उत्पन्न, मारहाण अशा आरोपांची छाननी लागते, तेथे उच्च न्यायालये पक्षकारांना बहुधा कौटुंबिक न्यायालयाकडे पाठवतात.