तमिळ बोलणारे, तरीही परके : श्रीलंकेच्या यादवीत मुसलमानांचं काय झालं?

श्रीलंकेतल्या तमिळ प्रश्नाचा विषय निघाला की आपल्याकडे तीन गोष्टी हमखास आठवतात : प्रभाकरन, राजीव गांधींची हत्या आणि भारतीय शांतिसेना. सिंहली विरुद्ध तमिळ, बौद्ध विरुद्ध हिंदू अशी दोन बाजूंची लढाई, एवढंच चित्र आपल्या डोक्यात पक्कं बसलेलं असतं. पण त्या बेटावर आणखी एक समाज आहे. तो घरात तमिळ बोलतो आणि मशिदीत नमाज पढतो. ऑक्टोबर १९९० मध्ये या समाजाच्या सुमारे ७० हजार लोकांना उत्तर श्रीलंकेतून हाकलून देण्यात आलं. हाकलणारं सरकारी सैन्य नव्हतं, सिंहली जमावही नव्हता. ‘आम्ही तमिळांच्या हक्कासाठी लढतोय’ असं सांगणारी एलटीटीई ही संघटनाच होती.

स्वतःवर झालेल्या अन्यायाविरुद्ध उभं राहिलेलं आंदोलन दुसऱ्या दुबळ्या समाजावर तोच अन्याय कसा करतं? हे समजून घ्यायचं तर थोडं मागे जावं लागेल.

आधी अन्याय कुणावर झाला?

४ फेब्रुवारी १९४८ ला तेव्हाचं सिलोन स्वतंत्र झालं. त्याच वर्षी नागरिकत्वाचा कायदा आला. चहाच्या मळ्यांत राबणारे, इंग्रजांनी तमिळनाडूतून नेलेले लाखो मजूर या कायद्याने एका झटक्यात बिनदेशाचे झाले. पुढे १९५६ मध्ये पंतप्रधान एस. डब्ल्यू. आर. डी. बंदरनायके यांनी ‘फक्त सिंहली’ ही राजभाषा ठरवणारा कायदा केला. तेव्हा देशात सिंहली लोक साधारण ७० टक्के होते. उरलेल्यांनी काय करायचं? सरकारी नोकरी, कोर्ट, कचेरी, सगळीकडे तमिळ माणूस अडाण्यासारखा ठरू लागला.

समेटाचा प्रयत्न झाला नाही असं नाही. १९५७ मध्ये बंदरनायके आणि तमिळ नेते एस. जे. व्ही. चेल्वनायकम यांच्यात करार झाला. पण भिक्खू आणि विरोधकांच्या दबावापुढे पंतप्रधानांनी पुढच्याच वर्षी तो मोडीत काढला. त्या वर्षी तमिळांविरुद्ध मोठी दंगल झाली. १९७० च्या दशकात विद्यापीठ प्रवेशाचे नियम बदलले आणि जास्त गुण मिळवूनही तमिळ मुलं मागे पडू लागली. १९७२ च्या राज्यघटनेने बौद्ध धर्माला ‘अग्रस्थान’ दिलं. १९८१ मध्ये जाफनाचं सार्वजनिक वाचनालय जाळलं गेलं, सुमारे ९७ हजार ग्रंथ राख झाले.

अर्ज-विनंत्या, सत्याग्रह, करार सगळं करून थकलेल्या तमिळ पक्षांनी १९७६ मध्ये वड्डुकोड्डई इथे स्वतंत्र ‘तमिळ ईलम’ची मागणी करणारा ठराव केला. त्याच वर्षी वेलुपिल्लई प्रभाकरनने एलटीटीई स्थापन केली. जुलै १९८३ मध्ये तिने १३ सैनिक मारले आणि त्याचा सूड म्हणून कोलंबोसह देशभर तमिळांची कत्तल झाली. मतदार याद्या हातात घेऊन तमिळांची घरं शोधली गेली. त्या ‘काळ्या जुलै’नंतर हजारो तमिळ तरुणांनी बंदूक उचलली.

इथपर्यंतची गोष्ट अन्यायाची आहे आणि त्यात तमिळांची बाजू खरी आहे, हे आपण मोकळेपणाने मान्य केलं पाहिजे.

मग मुसलमान कोण? तमिळ की वेगळे?

श्रीलंकेतल्या बहुसंख्य मुसलमानांना ‘मूर’ म्हणतात. हे नाव पोर्तुगीजांनी दिलेलं. अरब व्यापारी आणि दक्षिण भारताच्या किनाऱ्यावरून आलेले मुसलमान इथे स्थायिक झाले, स्थानिक बायकांशी त्यांचे निकाह झाले, त्यातून हा समाज घडला. आपल्या कोकणी मुसलमानांसारखेच हे लोक शाफई मसलकाचे. समुद्राच्या एकाच व्यापारी वाटेची ही दोन टोकं म्हणा ना! मातृभाषा तमिळ. पूर्वी ते अरबी लिपीत तमिळ लिहायचे, त्या लिपीला ‘अर्वी’ म्हणतात.

वाद इथेच सुरू होतो. १८८८ मध्ये तमिळ नेते पोन्नंबलम रामनाथन यांनी मांडणी केली की मूर म्हणजे मूळचे तमिळच, फक्त धर्म बदललेले. मुस्लिम पुढाऱ्यांना यात डाव दिसला : ‘आम्ही तमिळच ठरलो तर कायदेमंडळात आमचा वेगळा प्रतिनिधी कशाला?’ आय. एल. एम. अब्दुल अझीझ यांनी १९०७ मध्ये या मांडणीचा लेखी प्रतिवाद केला. पुढे १९१५ मध्ये सिंहली-मुस्लिम दंगल झाली. दंगलीनंतर इंग्रजांनी पकडलेल्या सिंहली पुढाऱ्यांची बाजू घेऊन रामनाथन लंडनपर्यंत गेले. ‘भाषेने आम्ही यांचे, पण संकटात हे आमचे नाहीत’ ही सल मुसलमानांच्या मनात तेव्हापासून राहिली.

गंमत बघा. चेल्वनायकम स्वतः ख्रिस्ती होते, तरी ते तमिळांचे सर्वमान्य नेते झाले. म्हणजे ख्रिस्ती माणूस तमिळ असू शकत होता. मुसलमानाच्या बाबतीत मात्र प्रश्न कायम लटकत राहिला. चेल्वनायकम यांच्या फेडरल पक्षाने मुद्दाम ‘तमिळ भाषिक जनता’ असा शब्द वापरला, म्हणजे मुसलमानही त्यात यावेत. पूर्वेकडून या पक्षाच्या तिकिटावर मुसलमान उमेदवार निवडूनही आले. पण ईलमचं स्वप्न बंदुकीच्या हाती गेल्यावर हा मोठा शब्द लहान होत गेला.

पूर्वेचा पेच

नकाशा डोळ्यांसमोर आणा. उत्तरेला जाफना, तिथे तमिळ बहुसंख्य आणि मुसलमान जेमतेम पाच टक्के. पूर्वेला बट्टिकलोआ, अंपारा, त्रिंकोमाली. तिथे तमिळ, मुसलमान आणि सिंहली असे तिघेही मोठ्या संख्येने, मुसलमान जवळपास एक तृतीयांश. ईलमच्या मागणीत हे दोन्ही प्रांत एकत्र होते.

२९ जुलै १९८७ च्या भारत-श्रीलंका कराराने दोन्ही प्रांत तात्पुरते जोडायचं ठरलं. त्यामुळे पूर्वेत तिसरा हिस्सा असलेला मुसलमान जोडप्रांतात पाचव्या हिश्श्याहूनही कमी झाला. करार दोन सरकारांमध्ये झाला, त्यात मुसलमानांना विचारलं कुणी? याच काळात एम. एच. एम. अश्रफ यांची श्रीलंका मुस्लिम काँग्रेस पूर्वेत जोमाने वाढली. एलटीटीईला हे सहन होण्यासारखं नव्हतं, कारण तमिळ भाषिकांचे एकमेव प्रतिनिधी आपणच, असा तिचा दावा होता. विरोधी तमिळ संघटनाही तिने याच कारणासाठी संपवल्या होत्या.

१९९० चे ते तीन महिने

मार्च १९९० मध्ये भारतीय शांतिसेना परतली, जूनमध्ये युद्ध पुन्हा पेटलं. ३ ऑगस्टला, शुक्रवारी रात्री, बट्टिकलोआजवळच्या कट्टनकुडी गावात लोक इशाच्या नमाजला उभे होते. बंदूकधारी दोन मशिदींत शिरले आणि पाठमोऱ्या नमाजींवर गोळ्या झाडल्या. शंभरहून अधिक माणसं मारली गेली, त्यात लहान मुलंही होती. नऊ दिवसांनी जवळच्या एरावूरमध्ये पुन्हा शंभरहून अधिक मुसलमान मारले गेले. एलटीटीईने जबाबदारी नाकारली, पण वाचलेल्यांची साक्ष तिच्याकडेच बोट दाखवते.

ऑक्टोबरमध्ये उत्तरेची पाळी आली. चावकच्चेरी, मन्नार, मुल्लैतिवू करत करत ३० ऑक्टोबरला जाफना शहर. लाउडस्पीकरवरून मुसलमानांना मैदानात बोलावलं गेलं आणि दोन तासांत शहर सोडायला सांगितलं. पैसे, दागिने, घराची कागदपत्रं काढून घेतली. बायकांच्या कानांतली कर्णफुलंही सुटली नाहीत. हातात उरले अंगावरचे कपडे आणि काही शे रुपये. व्यापार, शिलाई, मासेमारी करणारी, पिढ्यान् पिढ्या शेजारी राहिलेली ही माणसं. कारण काय सांगितलं? तुमच्यात सैन्याचे खबरी आहेत! समजा दोन-चार असतीलही. त्यासाठी तान्ह्या बाळापासून म्हाताऱ्यांपर्यंत सगळ्यांना शिक्षा?

बहुतेकजण पुत्तलम भागात पोचले आणि झावळ्यांच्या छपराखाली त्यांनी ‘थोड्या दिवसांसाठी’ मुक्काम टाकला. ते थोडे दिवस वीस वर्षं झाले.

आपल्या बाजूचंही बोलूया

इथे एक गोष्ट लपवून चालणार नाही. पूर्वेत सरकारने मुसलमान तरुणांना होमगार्ड म्हणून बंदुका दिल्या. १९९० मध्ये त्यांच्यातल्या काहींनी निरपराध तमिळ गावकऱ्यांवर हल्ले केले, माणसं मारली. सरकारला दोन अल्पसंख्याक एकमेकांच्या अंगावर गेलेले हवेच होते. कट्टनकुडीचं दुःख सांगताना तमिळ गावांचं दुःख गिळून टाकलं तर आपलं बोलणं अर्धंच राहील.

आणि दुसरीकडे हेही सांगायला हवं की सगळे तमिळ गप्प नव्हते. जाफना विद्यापीठातल्या प्राध्यापकांच्या मानवाधिकार गटाने एलटीटीईचे अत्याचारही लिहून ठेवले, मुसलमानांच्या हकालपट्टीसह. या गटाच्या संस्थापकांपैकी डॉ. रजनी तिरणगामा यांची सप्टेंबर १९८९ मध्येच हत्या झाली होती. तरीही बाकीच्यांनी लिहिणं थांबवलं नाही.

युद्ध संपलं, प्रश्न राहिला

२००२ च्या शस्त्रसंधीनंतर एलटीटीईने हकालपट्टीबद्दल खेद व्यक्त केला आणि मुसलमानांना परत बोलावलं. पण परतणाऱ्याला भरवसा कोण देणार? मे २००९ मध्ये सैन्याने एलटीटीई संपवली. त्या शेवटच्या महिन्यांत ४० हजारांपर्यंत तमिळ नागरिक मेले असावेत, असं संयुक्त राष्ट्रांच्या तज्ज्ञ समितीने म्हटलं. काही मुसलमान कुटुंबं उत्तरेत परतली. घरं पडलेली, काही जमिनींवर जंगल वाढलेलं. मुलं पुत्तलममध्येच वाढली, त्यांच्यासाठी जाफना म्हणजे आजीच्या तोंडची गोष्ट.

आणि आता बहुसंख्याकवादाचा रोख वळला मुसलमानांकडे. २०१४ मध्ये अलुतगामा, २०१८ मध्ये दिगना इथे त्यांच्यावर हल्ले झाले. २०१९ च्या ईस्टरला आयसिसने प्रेरित झालेल्या स्थानिक टोळीने चर्च आणि हॉटेलांत अडीचशेहून अधिक निरपराध लोक मारले, आणि संशय साऱ्या समाजावर आला. पुन्हा तोच न्याय : काहींचा गुन्हा, सगळ्यांना शिक्षा. २०२० मध्ये कोरोनाने दगावलेल्या मुसलमानांचे मृतदेह सक्तीने जाळले गेले. फेब्रुवारी २०२१ मध्ये दफनाला परवानगी मिळाली, २०२४ मध्ये सरकारने माफी मागितली.

मग या सगळ्यातून हाती काय लागतं? १९५६ मध्ये सरकार म्हणालं, हा देश आमच्या भाषेचा. १९९० मध्ये एलटीटीई म्हणाली, ही भूमी आमच्या लोकांची. दोघांनीही ‘आमचे’ कोण ते स्वतःच ठरवलं आणि उरलेल्यांना दाराबाहेर काढलं. म्हणून कुठलीही चळवळ न्यायाची आहे की नाही, हे तिच्या घोषणांवरून ओळखू नका. तिच्या ताब्यातल्या गावात सगळ्यात कमी संख्येने असलेल्या माणसाला रात्री निर्धास्त झोप लागते का, ते विचारा. हा सवाल सिंहलींना आहे, तमिळांना आहे, आणि जिथे आपण जास्त संख्येने आहोत तिथे आपल्यालाही आहे.