आमच्यामागे याचे कोण?

सुरतेत पांडेसऱ्याला लागून बमरोलीची वस्ती आहे. यंत्रमागांच्या खडखडाटात येथला दिवस उगवतो आणि त्याच खडखडाटात मावळतो. जळगाव, धुळे, नंदुरबारकडून पोटासाठी आलेली पुष्कळ मराठी कुटुंबे सुरतेच्या या भागात स्थिरावली आहेत. घरे भिंतीला भिंत लावून उभी. शेजारी काय शिजते, हेही लपत नाही. तरीही अशा दाट वस्तीत एखादे मूल लपविले जाऊ शकते. लग्नकार्याला त्याला न्यावयाचे नाही, गल्लीत खेळू द्यावयाचे नाही, शाळेचे तर नावच काढावयाचे नाही!

वाचकहो, डाऊन सिंड्रोम असलेल्या मुलांविषयी आम्ही बोलत आहो. हा काही संसर्गाने पसरणारा रोग नव्हे. माणसाच्या पेशीत सामान्यतः ४६ गुणसूत्रे असतात. या मुलांत बहुधा २१ व्या क्रमांकाचे एक अधिक असते. १८६६ साली इंग्लंडमधील डॉ. जॉन लँगडन डाऊन यांनी या अवस्थेचे वर्णन केले. तिचे कारण फ्रान्समधील संशोधकांनी १९५९ साली प्रसिद्ध केले. तेव्हा ग्रहणात भाजी चिरली म्हणून मूल असे झाले, असा बोल मातेला लावणे हा निव्वळ अन्याय होय.

अशा मुलांपैकी सुमारे निम्म्यांच्या हृदयात जन्मतः दोष असतो. म्हणून जन्मानंतर लवकर तपासणी करून घ्यावी. चालणे-बोलणे उशिरा येते, पण येते. योग्य उपचारांमुळे पुढारलेल्या देशांत ही माणसे आता साठीपर्यंत जगतात. येथेच आईबापांच्या मनातला खरा प्रश्न उभा राहतो : आमच्यामागे याचे कोण?

ज्याला कोणी पाहिलेच नाही, त्याला उद्या कोण विचारणार? ज्याला वाणी नावाने ओळखतो, ज्याच्यासोबत गल्लीतली पोरे वाढली, त्याला मात्र आईबापांमागेही माणसे उरतात.

मुंबईच्या होरमसजी व दीना वकील या दांपत्याच्या कन्येला, जयला, डाऊन सिंड्रोम होता. त्यांनी तिला दडविले नाही. १९४४ साली तिच्यासाठी शाळाच काढली. शिवडीच्या जय वकील संस्थेत आज शेकडो मुले शिकत आहेत.

सर्वांना शाळा काढता येणार नाही; पण शाळेचे दार ठोठावता येईल. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याने ४० टक्के वा अधिक अपंगत्वाचा दाखला असलेल्या ६ ते १८ वर्षांच्या मुलाला शेजारच्या शाळेत अथवा पसंतीच्या विशेष शाळेत विनामूल्य शिक्षणाचा हक्क दिला आहे. ही भीक नव्हे, हक्क आहे.

आणि शेजाऱ्यांनी काय करावे? त्या मुलाला नावाने हाक मारावी, आपल्या मुलांत खेळावयास बोलवावे, लग्नाचे आमंत्रण देताना “त्यालाही आणा” एवढे दोन शब्द बोलावे. त्या दोन शब्दांनी एका आईचा जीव केवढा हलका होईल!