लहानसहान ताण आणि मनःशांती

माणसाच्या आयुष्यात मोठी संकटे थोडी येतात, आणि ती आली म्हणजे नातलग व शेजारी धावून येतात. मृत्यू, दीर्घ आजार, नोकरी जाणे अशा प्रसंगी धीर देण्याची रीत प्रत्येक समाजाने घालून दिलेली आहे. परंतु सुट्ट्या पैशांवरून कंडक्टरशी झालेला वाद, ऐन स्वयंपाकाच्या वेळी गेलेली वीज, साहेबांनी चारचौघांत उच्चारलेला एखादा टाकून बोललेला शब्द, यांसाठी कोणी समाचाराला येत नाही. ज्याचे त्याला सोसावे लागते, आणि सोसताना आपण काही सोसतो आहोत हेही पुष्कळदा त्याच्या ध्यानात येत नाही.

छत्तीसगडमधील अभनपूर हे रायपूर-धमतरी मार्गावरचे गाव उदाहरणादाखल घेऊ. विसाव्या शतकात येथे अडीच फूट रुंदीच्या रुळांवरून नॅरोगेज गाडी धावत असे. रायपूरहून येणारा मार्ग अभनपूरला दुभंगे. एक फाटा धमतरीला आणि दुसरा राजिमला जाई. गाडी संथ होती, म्हणून लोक कुरकुरत. पुढे ते रूळ उखडले गेले, ब्रॉडगेज मार्ग आला आणि ३० मार्च २०२५ रोजी अभनपूर-रायपूर गाडी सुरू झाली. प्रवास सुधारला, ही आनंदाची गोष्ट होय. परंतु गाडीचा वेग वाढला म्हणून वाट पाहणाऱ्याची चडफड त्या प्रमाणात कमी होते, असा अनुभव कोठेच नाही. पूर्वी तासाचा उशीर ज्याला बोचत असे, त्याला आता दहा मिनिटांचा बोचतो. यावरून दिसते की, त्रासाचे मूळ केवळ बाहेरच्या घटनेत नसते.

शास्त्रज्ञांचे निष्कर्ष

१९६७ साली होम्स आणि राहे या अमेरिकन संशोधकांनी आयुष्यातील मोठ्या बदलांची एक गुणांकित यादी तयार केली. जोडीदाराचा मृत्यू हा तीत सर्वांत वरचा प्रसंग होता. अशा घटनांची बेरीज जितकी अधिक, तितका आजाराचा संभव अधिक, असे त्यांचे मत होते. १९८१ साली रिचर्ड लाझारस यांच्या सहकाऱ्यांनी शंभर मध्यमवयीन माणसांच्या दैनंदिन कटकटींची अनेक महिने नोंद ठेवली. मानसिक अस्वास्थ्याचा अंदाज मोठ्या घटनांपेक्षा या किरकोळ कटकटींवरून अधिक चांगला बांधता येतो, असे त्यांना आढळले. मोठे दुःख क्षुल्लक असते, असा याचा अर्थ नव्हे. वरचेवर होणाऱ्या घर्षणाने दोरही झिजतो, एवढाच त्याचा अर्थ.

ही झीज कशी होते? धोका दिसताच शरीर लढण्याच्या किंवा पळण्याच्या तयारीला लागते, हे वॉल्टर कॅनन यांनी विसाव्या शतकाच्या आरंभी दाखवून दिले. मूत्रपिंडांवरील अधिवृक्क ग्रंथींतून ॲड्रिनॅलिन व कॉर्टिसॉल ही संप्रेरके रक्तात उतरतात, हृदय जलद चालते, स्नायू ताठ होतात. धोका टळला की शरीर पूर्वस्थितीवर येते. जनावरांच्या बाबतीत गोष्ट बहुधा येथेच संपते. माणूस मात्र सकाळचा वाद दुपारी मित्राला सांगतो, रात्री अंथरुणावर पडून त्याला नवी उत्तरे रचतो. कंडक्टर केव्हाच आपल्या घरी जाऊन झोपलेला असतो, पण त्याच्याशी चाललेल्या या मानसिक भांडणाला शरीर पुन्हा पुन्हा प्रतिसाद देत राहते. घटना एकदा घडते, ताण अनेकदा.

‘पाहिजेच’चा हट्ट

घटना आणि ताण यांच्यामध्ये आपण घटनेला दिलेला अर्थ उभा असतो. हे सूत्र धरून अल्बर्ट एलिस यांनी १९५५ च्या सुमारास विवेकनिष्ठ उपचारपद्धती मांडली, आणि कि. मो. फडके यांनी ती महाराष्ट्रात परिश्रमपूर्वक रुजवली. ‘गाडी वेळेवर आली तर बरे’ ही इच्छा झाली. ‘गाडी वेळेवर आलीच पाहिजे’ हा हट्ट झाला. इच्छा अपुरी राहिली तर माणूस हिरमुसतो. हट्ट मोडला तर संतापतो. सोडून द्यायचे ते या हट्टाला. इच्छा सोडण्याची गरज नाही.

मनाला समजावण्याची ही रीत मराठी वाचकाला परकी नाही. समर्थ रामदासांनी दोनशे पाच श्लोक थेट मनालाच उद्देशून रचले. त्याच समर्थांचा ‘दासबोध’ हिंदीत आणणारे माधवराव सप्रे यांची कर्मभूमी रायपूर होती. ‘हिंदी केसरी’तील लेखनामुळे १९०८ साली त्यांना राजद्रोहाच्या आरोपाखाली अटक झाली. कुटुंबीयांच्या दडपणामुळे माफीपत्र देऊन ते सुटले, आणि त्याचे शल्य त्यांना फार लागले. हे दुःख किरकोळ नव्हते. त्यांनी काही काळ रामदासी साधनेत घालवला, आणि मग रायपुरात परतून ते लेखनाच्या व शिक्षणाच्या कामाला लागले. ‘गीतारहस्या’चा त्यांचा हिंदी अनुवाद त्यानंतरचा. मनःशांती म्हणजे निष्क्रियता नव्हे, हे या उदाहरणावरून समजून घ्यावे.

काही साधे उपाय

पहिला उपाय निवाड्याचा. समोरच्या त्रासाविषयी ‘यात माझ्या हातचे काही आहे काय?’ असे विचारावे. असेल तर ते करावे. नसेल तर त्यावर पुन्हा विचार खर्च करू नये.

दुसरा उपाय लिहून ठेवण्याचा. अपुरी कामे पुऱ्या झालेल्या कामांपेक्षा अधिक आठवतात, असे ब्लूमा झायगार्निक यांनी १९२७ साली नोंदवले. राहिलेले काम कोणत्या दिवशी करायचे हे कागदावर उतरवले, की मनाला त्याचा पहारा करावा लागत नाही.

तिसरा उपाय श्वासाचा. काही मिनिटे श्वास संथपणे घ्यावा आणि त्याहून सावकाश सोडावा. उच्छ्वास लांबला की हृदयाची गती मंदावते, आणि शांत झालेल्या शरीरात मनालाही शांत होणे सोपे जाते.

चौथा उपाय पुनरुक्ती टाळण्याचा. घडलेली गोष्ट जिवलगाला एकदा जरूर सांगावी. दहाव्यांदा सांगताना मात्र आपण ओझे उतरवीत नसून पुन्हा उचलीत आहोत, हे ओळखावे.

सोडून देण्याच्या मर्यादा

येथे एक इशारा आवश्यक आहे. थकलेली मजुरी, घरातील मारहाण, गावच्या नळाला येणारे गढूळ पाणी या किरकोळ गोष्टी नव्हेत. दुसऱ्याला ‘मनावर घेऊ नकोस’ असे सांगणे फार सोपे असते, आणि पुष्कळदा त्या उपदेशाखाली अन्याय झाकला जातो. अशा ठिकाणी तक्रार करणे हाच शांतीचा मार्ग. किरकोळ गोष्टींत न गुंतलेल्या माणसापाशी त्यासाठी लागणारे बळ शिल्लक राहते.

तसेच झोप उडाली असेल, कशातच रस वाटत नसेल, जगणे नकोसे वाटत असेल, आणि हे आठवडेच्या आठवडे चालले असेल, तर त्याला रोजचा ताण समजून अंगावर काढू नये, डॉक्टरांना भेटावे. भारत सरकारची ‘टेली-मानस’ ही २०२२ साली सुरू झालेली सेवा १४४१६ या क्रमांकावर विनामूल्य उपलब्ध आहे.

सारांश, कोणता त्रास टाकून द्यायचा, कोणत्याशी झगडायचे आणि कोणत्यासाठी मदत मागायची, हे ओळखणे म्हणजेच मनःशांतीचा अभ्यास. तो एका दिवसात साधत नाही. परंतु दिवसाकाठी एक क्षुल्लक भांडण जरी मनातल्या मनात पुन्हा भांडायचे राहिले, तरी त्या रात्रीची झोप अधिक गाढ लागते.